उष्टं न केलेलं रीळ

कल्लप्पाला पहिल्यांदा बघणाऱ्याला वाटायचं, हा माणूस आत्ताच कुठून तरी लांबून चालत आलाय. तसा तो कुठूनही आलेला नसे. थेटराच्या मागच्या जिन्याने केबिनमधून खाली उतरलेला असे, बास. पण चेहरा असा, की समोरच्याने उठून आधी पाणी द्यावं. एवढी वर्षं मी त्याच्यासोबत काढली, तो ताजातवाना मला एकदाही दिसला नाही. सकाळी आला तरी दमलेला, सुट्टीनंतर आला तरी दमलेला.

मी रामहरी. मुक्या चित्रपटांच्या दिवसांत त्याच थेटरात पडद्याखाली बसून पेटी वाजवायचो. पडद्यावर राक्षस आला की मी खालचे सूर दाबायचो, नायिका रडली की वरचे. वर केबिनमध्ये कल्लप्पा मशीन चालवायचा, खाली मी पेटी. सोलापूरची गिरणी सुटली की भोंग्यापाठोपाठ माणसं आमच्या पत्र्याच्या थेटरात घुसायची आणि आम्ही दोघं त्यांना हसवायचो, रडवायचो. आम्हाला स्वतःला त्यातलं काही बघायची उसंत नसे. आचाऱ्याला पंगतीत कोण बसवतो?

मशीन चालवणं हे कल्लप्पाचं अर्धंच काम. उरलेलं अर्धं म्हणजे तुटलेली फिल्म जोडणं. गावोगाव फिरून आलेली रिळं म्हणजे म्हाताऱ्या बैलांसारखी, कुठं खरचटलेली, कुठं फाटलेली. दुपारी तो केबिनच्या दारात मांडी घालून बसायचा, फाटका भाग कात्रीने कापायचा, कड पात्याने खरवडायचा, त्यावर ते पिकल्या केळ्यासारखा वास मारणारं औषध लावायचा आणि दोन तुकडे एकमेकांवर दाबून धरायचा. औषध सुकेपर्यंत डोळे मिटून बसायचा. माझ्या मते त्याची रोजची झोप तेवढीच होती.

या कामात एक खुबी आहे, ती सांगितल्याशिवाय पुढचं कळायचं नाही. फिल्मच्या एका अंगाला चित्राचा लेप असतो, दुसरं अंग नुसतं गुळगुळीत. जोडताना सगळ्या तुकड्यांचा लेप एकाच अंगाला यावा लागतो. एखादा तुकडा पालथा जोडला गेला, की पडद्यावर तेवढंच चित्र उजव्याचं डावं होऊन दिसतं. डोळ्यांना हा लेप चटकन ओळखू येत नाही. ओठांना येतो. फिल्मची कड ओठाला लावली, की लेपाची बाजू जराशी चिकटते. कल्लप्पा दर जोडाला फिल्म ओठाला लावायचा, विडी लावावी तशी, विचारसुद्धा न करता.

एक रीळ मात्र त्याने कधीच ओठाला लावलं नाही. ते रीळ गड्ड्याचं.

आमच्या सिद्धरामेश्वराच्या जत्रेला आम्ही गड्डा म्हणतो. संक्रांतीला नंदीध्वजांच्या उंच काठ्या निघतात आणि पांढऱ्या बाराबंदीतले मानकरी त्या कमरेच्या पट्ट्यावर पेलत शहरातल्या अडुसष्ट लिंगांना प्रदक्षिणा घालतात. आमचे मालक हिंदुराव यांनी एका वर्षी मुंबईहून कॅमेरावाला बोलावला आणि ती मिरवणूक फिल्मवर घेतली. हेतू देवाचा नव्हता, गल्ल्याचा होता. स्वतःला पडद्यावर बघायला कोण येणार नाही? दर गड्ड्याला मुख्य खेळाआधी ते रीळ लावायचं असा पायंडाच पडला. लोक मान वर करकरून स्वतःला शोधायचे आणि सापडला की शेजाऱ्याला कोपर मारायचे.

त्या वर्षी पहिल्यांदाच काठीला हात लागलेला एक पोरगा त्या रिळात होता. चन्नवीर. कल्लप्पाचा एकुलता एक. गिरणीत सूतखात्यात नुकताच लागला होता. काठी पेलताना नजर वर शेंड्यावर ठेवावी लागते, इकडेतिकडे बघायची सोय नाही. पण कॅमेऱ्यासमोर आल्यावर या पठ्ठ्याने एकदा पटकन खाली बघितलं, ओठ हसायला निघाले आणि लगेच नजर परत वर. झालं. त्याच्या आयुष्यातलं एवढंच कुठे तरी टिपलं गेलं. फोटो काढायची ऐपत आणि रीत, दोन्ही त्या घरात नव्हत्या.

पुढच्या थंडीत, गड्डा तोंडावर आलेला असताना, शहरात गाठीचा ताप, म्हणजे प्लेग, पसरला. चन्नवीर सकाळी भाकरी बांधून गिरणीत गेला, दुपारी तिथेच पडला. सरकारी माणसांनी त्याला परस्पर शहराबाहेरच्या छावणीत नेलं. आईला आत सोडलं नाही. कल्लप्पाला शेवटी बोलावलं, ते माती द्यायला. पोरगा घरी म्हणून आलाच नाही.

त्याची आई सावित्रम्मा. मी तिला अक्का म्हणायचो. बोलायला कमी, कामाला दांडगी. जत्रेच्या दिवशी काठी पेलून पोरगा दमून दारात आला होता, तेव्हा अख्ख्या गावाची नजर लागलेली म्हणून तिने उंबऱ्याबाहेरच त्याला थांबवलं, भाकरीचा तुकडा ओवाळून टाकला, पायांवर पाणी ओतलं आणि मग आत घेतलं. आपल्याकडे बाहेरून आलेल्या माणसाला असंच आत घेतात. ती एकदा मला म्हणाली, "रामहरी, त्या दिवशी ववाळून घेतला बघ. दुसऱ्या डावाला त्यो आलाच न्हाय. तुकडा तसाच ऱ्हायला."

दर गड्ड्याला ती थेटरात यायची. आमच्या थेटरात बायकांची जागा उजव्या अंगाला, पडदा लावून वेगळी केलेली. ती पुढच्या बाकावर बसायची. रीळ सुरू झालं की काठ्या उजवीकडून यायच्या, म्हणजे बायकांच्या बाजूने. चन्नवीर तिच्या अगदी जवळून पडद्यात शिरायचा, मध्ये आला की ते अर्धं हसू दिसायचं आणि मग तो डावीकडे, पलीकडच्या भिंतीकडे निघून जायचा. मी खाली पेटीवर असायचो, मला सगळं दिसायचं. तो निघून गेला की सावित्राक्का उठून घरी जायची. मुख्य खेळ तिने कधी बघितला नाही.

आता मेख अशी, की दर वर्षी लावून लावून ते रीळ झिजत चाललं. जिथे फिल्म तुटायची तिथे जोड द्यायचा आणि प्रत्येक जोडाला चित्राच्या एक-दोन चौकटी कापाव्याच लागतात. तुटायचं तेही नेमकं चन्नवीरच्या आसपास. कल्लप्पाच्या डोक्यात आपलं एकच, आपल्याच हाताने आपण पोराला थोडाथोडा कापतोय.

"आदी काठी टेकवून पाय सरळ करायचा त्यो," मला तो एकदा म्हणाला. "त्ये गेलं. आता आल्या आल्या चालायलाच लागतोय."

तर हे रीळ तो ओठाला लावत नसे. मी त्याला छेडलं होतं, "कल्लप्पा, पडद्यावर देवाच्या काठीवर गिरणीवाल्यांच्या विडीचा धूर जातो तो चालतो, आणि तुझा ओठ चालत नाही व्हय?"

"त्यो धूर लोकांचा," तो म्हणाला. "माझं उष्टं कशाला? देव हाय त्यात. पोरगा तवा उपाशी हुता, उपासाचा. त्येला उष्टं लावू का मी?"

त्या रिळापुरता तो प्रत्येक तुकडा कंदिलासमोर तिरका धरून, डोळे बारीक करून लेप ओळखायचा. दुप्पट वेळ लागायचा. पण त्याने नेम मोडला नाही.

मग बोलपट आले. माझं काय झालं ते थोडक्यात सांगतो, कारण लांबवलं तर माझं डोकं फिरतं. पडदा स्वतःच गायला लागल्यावर पेटीवाल्याला कोण विचारतो? हिंदुरावांनी मला काढलं नाही एवढंच, दारावर तिकिटं फाडायला उभं केलं. पेटी थेटरातच एका कोपऱ्यात गोणपाटाखाली पडून राहिली. मुक्या चित्रपटांची रिळंही तशीच डब्यात पडली. ही फिल्म पेट घेते तेव्हा पाण्यालाही ऐकत नाही, म्हणून मालकांना ती अडगळ नकोशी झाली होती. बांगड्या-फण्या करणारे लोक ती किलोवारी, म्हणजे तेव्हाच्या शेर-मणावारी, उचलून न्यायचे. गड्ड्याचं रीळही त्याच ढिगात होतं. झिजल्यामुळे मालकांनी ते लावणं बंद केलं होतं. त्या गड्ड्याला सावित्राक्का आली, दारावर माझ्याकडे बघून नुसती उभी राहिली आणि मी मान हलवली तशी परत गेली. मला माझ्या नोकरीचा एवढा संताप कधीच आला नव्हता.

अशात एका चित्रपट कंपनीचे साहेब सोलापुरात उतरले. त्यांच्या बोलपटात जत्रेचा एक प्रसंग होता. हजारो माणसं, काठ्या, वाजंत्री असं सगळं जमवायचं तर कंपनीचं दिवाळं निघालं असतं. कुणीतरी त्यांना सांगितलं, सोलापूरच्या एका थेटरात खऱ्या जत्रेची जुनी फिल्म आहे. तीच मध्ये घालायची, बाजूला आपला नायक उभा करून दाखवायचा, की काम भागलं. बघणाऱ्याला वाटतं, नायक जत्रेत आला. लबाडी खरी, पण चांगली लबाडी. साहेब तसे सज्जन होते. कल्लप्पाने त्यांना रीळ दाखवलं तेव्हा खुर्चीतून उठून म्हणाले, "ही माणसं बघा, एकही खोटा चेहरा नाही!"

मालकांनी होकार दिला. ते रीळ कंपनीकडे जायचं, तिथे त्यावरून नवी फिल्म छापायची आणि जुनं परत येईल याची खात्री नाही. साहेबांनी कल्लप्पाला सांगितलं, चांगले तुकडे निवडून, जोडून, एक गुंडाळी करून द्या.

त्या दिवशी तो माझ्याकडे आला आणि दाराच्या पायरीवर बसला.

"रामहरी, काय करू?" म्हणाला. "पोराचा तुकडा कापून घरी ठेवला तर ठेवता येतोय. कुणाला कळायचं बी न्हाय."

"मग ठेव की."

"ठेवून काय करू? हातात धरला तर नुसती बारकी बारकी चित्रं. चालत न्हाय त्यो. मशीनबिगर चालत न्हाय." मग म्हणाला, "दिला तर नवा छापून येईल. न झिजलेला. गावोगाव चालंल. तिला बी बघाय मिळंल."

"मग दे."

"आनि त्यांनी त्येवढाच तुकडा गाळला तर?"

शेवटी त्याने द्यायचं ठरवलं. पोराचा तुकडा त्याने गुंडाळीत अगदी मधोमध घेतला आणि साहेबांपुढे हात जोडून एकच मागणं केलं, ह्यो तुकडा गाळू नका. साहेबांनी कारण विचारलं नाही, चांगलाच आहे म्हणाले आणि शब्द दिला.

गुंडाळी जोडायला तो बसला तेव्हा मी शेजारीच होतो. दुसऱ्या दिवशीच्या गाडीने डबा जायचा होता. प्रत्येक तुकडा तो कंदिलासमोर धरायचा, बघायचा, खाली ठेवायचा. चन्नवीरचा तुकडा हातात आला तेव्हा मात्र त्याला दिसत नव्हतं. डोळे भरून वाहत होते आणि तो ते बाहीने पुसत होता. मी म्हटलं, "ओठाला लाव की एकदा, कशाला डोळे फोडतोस?" त्याने ऐकलं नाही. दाबून धरला, सुकवला, गुंडाळला आणि डबा बंद केला.

बोलपट आमच्याकडे यायला वर्ष उलटून गेलं. भर मे महिना, पत्र्याखाली भट्टी पेटलेली. गड्ड्याची काठी पडद्यावर आहे ही बातमी शहरभर गेलेली, त्यामुळे पहिल्याच खेळाला गर्दी एवढी की मी दारावर चिरडून मरायचा बाकी. मालकांनी आवाजाचं नवं मशीन बसवलेलं. सावित्राक्का आली. इतक्या वर्षांत पहिल्यांदाच तिने धुवट नव्हे, घडीचं इरकल नेसलं होतं. मी तिला पुढच्या बाकावर जागा करून दिली.

जत्रेचा प्रसंग आला. वाजंत्री वाजायला लागली. काठ्या दिसल्या तसा थेटरात "हर्र बोला हर्र" असा गजर उठला. दोन-तीन तुकडे गेले. मग चन्नवीरचा आला आणि गजर मध्येच तुटला.

काठ्या उलट्या चालल्या होत्या. देवळाला वळसा घालताना देव उजव्या हाताला ठेवायचा, हे आमच्या शेंबड्या पोरालाही कळतं. इथे देव डाव्या हाताला. मानकरी उलटी प्रदक्षिणा घालत होते. असला फेरा आमच्याकडे माणूस फक्त मयतीला घालतो. आधी कुजबुज झाली, मग कुणी शिट्टी मारली, मग मागून आरडाओरडा सुरू झाला. "कंपनीला अक्कल हाय का! बंद करा! देवाची चेष्टा लावलीय व्हय!" एकाने पडद्यावर चप्पल भिरकावली. पुढचा सगळा खेळ गोंधळातच गेला.

मी केबिनमध्ये धावलो. कल्लप्पा मशीनला हात लावून उभा होता. घामाने भिजलेला आणि चेहरा असा की मला वाटलं, पडतोय आता.

"कंपनीनं न्हाय क्येलं," तो म्हणाला. "म्या क्येलं. पालथा जोडला. त्यांनी जसं दिलं तसं छापलं."

आपलेच दात, आपलेच ओठ, बोंब कुणाच्या नावाने मारायची? सगळं गाव कंपनीला शिव्या घालत होतं आणि हा एकटाच आपलं पाप छातीवर घेऊन उभा. मी त्याला पाणी दिलं. त्याने तांब्या हातात धरला, प्यायला नाही.

"तिनं बघितलं आसंल," म्हणाला. "पोरगा मयतीचा फेरा घालताना आईला दाखवला म्या."

खेळ संपल्यावर सावित्राक्का अजून बाकावरच बसलेली होती. गर्दी निघून गेली तरी उठली नव्हती. कल्लप्पा खाली आला, तिच्यापुढे जाऊन उभा राहिला. मीच तोंड उघडणार तोवर तीच बोलली.

"आज आला त्यो."

आम्हाला काही कळलं नाही.

"एवढी वरसं माज्यापासनं उठून जाताना बघितला," ती म्हणाली. "आज पल्याडनं आला. सरळ माज्याकडं आला की. आनि चाल बघितली का तुमी? किती घाई! असा झपाझपा कदी चालत न्हवता."

घाईचं कारण मला ठाऊक होतं. मुक्या काळची फिल्म सावकाश घेतलेली असते आणि बोलपटाचं मशीन जोरात पळतं, म्हणून जुनी माणसं त्यात लगबगीने चालल्यासारखी दिसतात. पण मी कशाला सांगू? तिचा चेहरा बघून मला रडू आलं आणि लाजही वाटली नाही.

मालकांना मात्र रडून चालणार नव्हतं. दुसऱ्या दिवशी सकाळी देवळाकडची चार प्रतिष्ठित माणसं येऊन बसली. हिंदुरावांनी त्यांच्यासमोरच कल्लप्पाला हुकूम सोडला, "तो तुकडा कापून टाक, आत्ताच्या आत्ता."

कल्लप्पा जन्मात मालकाला कधी उलट बोलला नव्हता. त्या दिवशीही आवाज चढवला नाही. "कापत न्हाय मालक," एवढंच म्हणाला. "सुलटा करून जोडतो. परदक्षिणा बराबर हुईल."

"आणि आवाज?"

तिथेच अडचण होती. बोलपटाच्या फिल्मला एका कडेला आवाजाची पट्टी असते. तुकडा उलटला की ती पट्टी भलत्याच बाजूला जाते, म्हणजे तेवढ्या वेळ मशीन मुकं. आवाज बंदच करावा लागतो, नाहीतर नुसती घरघर.

मालक कपाळाला आठ्या घालून बसले. मग, माझ्या तोंडून कसं निघालं कोण जाणे, मी म्हणालो, "तेवढ्यापुरती पेटी वाजवतो मी."

संध्याकाळच्या खेळाला मी गोणपाट झटकून पेटी पडद्याखाली मांडली. भात्याला उंदरांनी कुरतडलं होतं, एक सूर दाबला की शेजारचाही रडायचा. प्रसंग आला, वरून कल्लप्पाने आवाज बंद केला आणि मी वाजवलं. काठ्या उजवीकडून डावीकडे निघाल्या, देव उजव्या हाताला. पडद्याच्या कडेला ती आवाजाची पट्टी नुसतीच थरथरत होती, पण तिकडे कुणाचं लक्ष नव्हतं. गजर असा उठला की माझी पेटी मला ऐकू येईना. देवळाकडची माणसं खूश, मालक खूश. मलाही, खरं सांगतो, फार बरं वाटलं. आणि तेवढ्यात बायकांच्या बाजूला नजर गेली.

सावित्राक्का बघत होती. चन्नवीर तिच्या जवळून शिरला, अर्धं हसला आणि झपाझप पावलं टाकत पलीकडच्या भिंतीत निघून गेला. जाण्याचीही आता घाईच. ती उठली, पदर सावरला आणि नेहमीसारखी घरी गेली.

बोलपट थेटरात होता तेवढ्या दिवसांत कल्लप्पा तिच्याशी काय बोलला ते मला माहीत नाही. मला एवढंच म्हणाला, "ती म्हनली, द्येवाची वाट सुलटीच पायजे. पोरानं मान घ्येतलाय, त्यो नीट फेडू दे." आणि मग, "तिनं एकदाच बघितला यिताना. एकदाच की रं."

मग बोलपट उतरला. रिळं दुसऱ्या दिवशी बार्शीला जायची होती. कंपनीची फिल्म जशी आली तशी परत करायची, त्यामुळे तो तुकडा पुन्हा उलटून, आवाज जागेवर आणून जोडायला हवा होता. दुपारी कल्लप्पा केबिनच्या दारात बसला. मालक जेवायला घरी गेले होते. त्याने तुकडा दोन्हीकडून सोडवला, हातात घेतला, कंदिलासमोर धरला. पूर्वी एकदा फसलेल्या डोळ्यांवर आता त्याचा भरवसा राहिला नव्हता. त्याने धोतराला हात पुसले, माझ्याकडे एकदा बघितलं आणि तो तुकडा ओठाला लावला.

लेपाची बाजू कळायला क्षणभर पुरतो. त्याने बराच वेळ तसाच धरून ठेवला. मी दुसरीकडे बघत होतो.

जोड सुकल्यावर तो म्हणाला, "हिला बोलीवलंय म्या. तू दार लावून घ्ये."

रिकाम्या थेटरात सावित्राक्का मागच्या दाराने आली. एका हातात तांब्या, पदराखाली काहीतरी झाकलेलं. ती बाकावर बसली नाही. चालत पडद्यापाशी गेली आणि उजव्या कडेला, घराच्या दारात उभं राहावं तशी उभी राहिली. मी वर हात केला. कल्लप्पाने मशीन सुरू केलं.

वाजंत्री वाजली. पलीकडच्या भिंतीतून काठ्या निघाल्या आणि त्यांत चन्नवीर, पांढऱ्या बाराबंदीत, लगबगीने चालत यायला लागला. मध्ये आला, खाली बघून अर्धं हसला. मग सरळ तिच्या दिशेने. तो अगदी जवळ आला तेव्हा सावित्राक्काने पदराखालून भाकरीचा तुकडा काढला, त्याच्या तोंडावरून ओवाळला आणि मागे टाकला. तांब्यातलं पाणी पडद्याखालच्या फळीवर ओतलं, जिथे त्याचे पाय होते तिथे.

"बंद्येनो मगा?" ती कानडीत म्हणाली. आलास व्हय रे, एवढाच त्याचा अर्थ. आणि तो पडद्याच्या कडेशी येऊन तिच्या अंगावरून नाहीसा झाला.

मशीन थांबलं. वर केबिनच्या भोकातून कल्लप्पाचा आवाज आला. मशीनच्या दिव्याची ज्योत सारखी सांभाळावी लागते, त्याला तिच्यावरून नजर काढता येत नव्हती, म्हणून त्याला काहीच दिसलं नव्हतं.

"रामहरी, घेतला का तिनं आत?"

"घेतला," मी म्हणालो.

तो बराच वेळ खाली आला नाही. मालक जेवून परतले तेव्हा फळी ओलीच होती. हे पाणी कसलं म्हणून विचारलं, तर मी सांगितलं पत्रा गळतोय. सोलापुरात, भर मे महिन्यात. हिंदुरावांनी एकदा पत्र्याकडे बघितलं, एकदा खाली पडलेल्या भाकरीच्या तुकड्याकडे, आणि आपल्या खोलीत गेले.